माजोर्ड्याचे मास्तर

18 जानेवारी, मडगाव

आज फिल्मी संगीतातले व्हायोलिनवादक आणि अरेंजर अँथनी गोन्साल्विस यांचा स्मृतिदिन. 2012 साली गेले. सकाळी भजनी मंडळाच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रूपवर मी तेवढंच लिहिलं, तर एकाने लगेच अंड्यातून बाहेर पडणाऱ्या अमिताभचा फोटो टाकला. म्हटलं, अरे बाबा, ते पात्र. मी म्हणतोय तो माणूस आपल्या माजोर्डा गावचा. त्यावर दोन अंगठे आले, बस्स.

त्याला तरी काय दोष द्यायचा? 'अमर अकबर अँथनी' 1977 चा. त्याच्या संगीतकार जोडीतले प्यारेलाल गोन्साल्विसांकडे व्हायोलिन शिकलेले, म्हणून 'माय नेम इज अँथनी गोन्साल्विस' या गाण्यात गुरूचं नाव. गुरुदक्षिणा अशी की नाव गल्लोगल्लीच्या वरातीत वाजलं आणि माणूस कुणाला ठाऊकच नाही!

गोन्साल्विसांचे वडील माजोर्ड्याच्या चर्चमध्ये गायनाचे मास्तर. पोर्तुगीज अमदानीत चर्चच्या शाळांतून पोरांना स्वरलिपी शिकवायचे, व्हायोलिनही. त्यातली कितीतरी मुलं पोटासाठी मुंबईला जायची, धोबी तलावाकडच्या आपल्या गावच्या कुडात, म्हणजे गाववाल्यांच्या मुक्कामाच्या जागेत, पथारी टाकायची आणि बँडमध्ये नाहीतर फिल्मच्या स्टुडिओत वाजवायची. नोटेशन वाचता येणारा वादक तिथे हवाच असायचा.

गोन्साल्विस व्हायोलिन वाजवता वाजवता अरेंजर झाले. हे काम किती जिकिरीचं, ते मला पेटीवर बसल्यावर कळतं. संगीतकार चाल गुणगुणतो. पण त्या चालीखाली चेलोने काय धरायचं, मुखडा संपून अंतरा येईपर्यंत व्हायोलिनांनी काय बोलायचं, बासरी कुठे शिरायची, हे पाच रेघांवर मांडायचं अरेंजरने. मग प्रत्येक वाद्याचा कागद वेगळा उतरवायचा. त्या काळी गायक-वादक सगळे एकत्रच रेकॉर्ड व्हायचे. एक जण चुकला की सगळ्यांनी पुन्हा पहिल्यापासून. आमचं दहा जणांचं भजन! गजर कधी चढवायचा ते बुवांच्या भुवईवर ठरतं, तरी टाळ पुढे पळतातच.

एवढं करून रेकॉर्डवर नावं तीनच: गायक, संगीतकार, गीतकार. मधल्या तुकड्यात चाल कुठे संपली आणि अरेंजरची करामत कुठे सुरू झाली, हे आता सांगणार कोण? मला तर पुष्कळदा तो मधला तुकडाच आधी आठवतो, शब्द मागाहून.

आणि गृहस्थ नुसते स्टुडिओत रमणारे नव्हते. आपले राग आणि सिंफनी ऑर्केस्ट्रा एकत्र आणायचं वेड. 1958 मध्ये मुंबईत त्यासाठी इंडियन सिंफनी ऑर्केस्ट्रा उभा केला. लताबाई आणि मन्ना डे त्यात गायले. पुढे अमेरिकेत सिरॅक्यूज विद्यापीठात गेले. परतल्यावर मात्र फिल्मलाइनपासून लांब, माजोर्ड्यातच राहिले.

रविवारी क्लासच्या पोरांना सेबास्टियन डिसोझांनी अरेंज केलेली शंकर-जयकिशनची गाणी ऐकवीन म्हणतो. तेही गोंयकारच. ताकीद एकच: गाणाऱ्याकडे कान द्यायचा नाही.