पॉलिसी होती, तरी दंड शेठच्याच खिशातून गेला

मी एका कंत्राटदाराकडे हिशेब आणि कागदपत्रं बघायचो, म्हणजे या गोष्टीत मी मालकाच्या बाजूचा माणूस, हे आधीच सांगून टाकतो. साइटवर परांचीवरून एक तीस वर्षांचा सेंट्रिंगवाला पडला आणि दवाखान्यात नेईपर्यंत गेला. त्या संध्याकाळी शेठ म्हणाले, डब्ल्यूसी पॉलिसी (कामगारांच्या भरपाईचा विमा) आहे ना आपली, कळव त्यांना, बाकी विमा कंपनी बघेल. मी दुसऱ्याच दिवशी कळवलं, पोच फाइलला लावली आणि मला खरंच वाटलं की आपलं काम झालं.

पुढचं सगळ्या अकाउंटवाल्यांना पाठ असेल. आधी क्लेम फॉर्म, मग एफआयआर, पंचनामा, पीएम रिपोर्ट, मग ओरिजिनल मस्टर म्हणजे हजेरीपट, मग त्या मस्टरवर अपघाताच्या दिवशीच्या रकान्यात हजेरी का नाही (माणूस सकाळी सव्वादहाला पडला आणि आमचा सुपरवायझर हजेरी दुपारच्या सुट्टीत भरायचा, हे कुठल्या फॉर्मात लिहायचं?). एका क्वेरीला उत्तर दिलं की महिनाभराने दुसरी. त्याची बायको दर महिन्याला ऑफिसात यायची, दाराशीच उभी राहायची, "भाऊ, कंपनीचं पत्र आलं का?" मी म्हणायचो, प्रोसेसमध्ये आहे ताई. ती "कंपनी" म्हणजे आम्हालाच म्हणत होती की विमावाल्यांना, हे मी कधी विचारलं नाही.

शेवटी तिने कामगार न्यायालयात अर्ज टाकला आणि आमच्या वकिलाने मला 1923 च्या कर्मचारी भरपाई कायद्याचं कलम 4अ वाचायला लावलं. आता 21 नोव्हेंबर 2025 पासून सामाजिक सुरक्षा संहिता आलीय, पण आमचा अपघात आधीचा, म्हणून जुन्या कायद्याचंच सांगतो. आणि जिथे ईएसआय (सरकारी कामगार विमा योजना) लागू असतं तिथे रस्ता वेगळा, आमच्या साइटवर नव्हतं.

तर कलम सरळ आहे. भरपाई देय झाली की लगेच द्यायची, महिन्याच्या आत नाही दिली तर वर्षाला 12 टक्के व्याज, आणि उशिराला सबळ कारण नसेल तर भरपाईच्या 50 टक्क्यांपर्यंत दंड वेगळा. हा दंड पूर्वी सरकारजमा व्हायचा, 2000 च्या दुरुस्तीपासून तो कामगाराला किंवा त्याच्या घरच्यांना मिळतो.

पण "देय झाली" म्हणजे कधी? मला वाटायचं आयुक्तांनी, म्हणजे या कायद्याखाली दावा ऐकणाऱ्या कामगार न्यायालयातल्या साहेबांनी, आकडा ठरवला की. तसंच एका थिएटरमालकालाही वाटलं होतं, त्याच्याकडे नक्षीकाम करणारा सुतार 1968 मध्ये पडला आणि त्याचा डावा हात कापावा लागला. ते प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं, प्रताप नारायण सिंह देव या नावाने वकील अजूनही त्याचा दाखला देतात, आणि चार न्यायमूर्तींनी सांगितलं की जबाबदारी अपघात झाला त्या क्षणी सुरू होते, निकालाची वाट बघायची नसते. मधे काही निकालांनी याचा गोंधळ केला, 2012 मध्ये सिबी जॉर्ज प्रकरणात कोर्टाने पुन्हा अपघाताचीच तारीख पक्की केली. म्हणजे मी ज्या दिवशी विमा कंपनीला कळवल्याची पोच पंच करून फाइलला लावत होतो, तेव्हा घड्याळ चालू होऊन एक दिवस झाला होता.

आकडा सांगतो म्हणजे कळेल. पगार 17 हजार होता पण कायद्यात 15 हजारच धरतात, त्याचे निम्मे साडेसात हजार, कायद्यात वयाप्रमाणे दिलेला, तीस वर्षांसाठीचा गुणक 207.98, भरपाई झाली 15,59,850 रुपये. त्यावर वर्षाचं व्याज 1,87,182. निकालाला चार वर्षं लागली, करा गुणाकार, साडेसात लाखांच्या जवळ जातं. आणि हे सगळं कुणी वाईट वागलं म्हणून नाही हो, सगळे नुसते एकमेकांच्या पत्राची वाट बघत बसले म्हणून.

आता कोण भरणार? 1997 च्या वेदप्रकाश गर्ग प्रकरणात ट्रकच्या विम्याबद्दल कोर्टाने वाटणी केली होती, भरपाई आणि व्याज विमा कंपनीने द्यावं, दंड मात्र मालकाचा, कारण चूक त्याची स्वतःची. शेठ हे ऐकून जरा सैलावले. पण 2006 मध्ये कोर्टाने असंही म्हटलंय की गाडीच्या सक्तीच्या विम्यासारखं नसेल तर पॉलिसीत व्याज वगळण्याचा करार चालतो. मी आमची पॉलिसी पहिल्यांदा पूर्ण वाचली, चार वर्षांनी. व्याज आणि दंड, दोन्ही वगळलेलं, बारीक अक्षरात पण स्वच्छ लिहिलेलं. दर वर्षी रिन्यूअलचा चेक मीच तयार करायचो.

दंडाआधी मालकाला म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते, तशी दिली. मी माझी अकरा पत्रं तारीखवार लावून नेली होती, थोडा अभिमानच होता. आयुक्त साहेबांनी ती चाळली आणि विचारलं, ही विमा कंपनीला लिहिलेली आहेत, पहिल्या महिन्यात आमच्याकडे किती भरले? वाद असला तरी जेवढं मान्य आहे तेवढं भरायचं, हेही त्याच कलमात आहे. माणूस आमच्या परांचीवरून पडला हे तर आम्ही कधीच नाकारलं नव्हतं. शेठनी अंत्यविधीच्या वेळी हातात दिलेले वीस हजार मी सांगून बघितले. मृत्यूच्या केसमध्ये रक्कम आयुक्तांकडेच जमा करावी लागते, घरच्यांना आगाऊ दिलेलं तीन महिन्यांच्या पगाराइतकंच वजा होऊ शकतं, आणि त्या वीस हजारांचं तर आमच्याकडे साधं व्हाउचरही नव्हतं.

पंचवीस टक्के दंड लागला. शेठ म्हणाले हायकोर्टात जाऊ. वकील म्हणाले, जाऊ की, पण भरपाईची रक्कम जमा केल्याचा दाखला जोडल्याशिवाय मालकाचं अपील दाखलच होत नाही.

त्याची बायको त्या दिवशी कोर्टात होती. बाहेर पडताना मला म्हणाली, "भाऊ, आता ऑफिसला यायला नको ना?" मी नाही म्हटलं, इथूनच मिळेल.