डस्टर म्हणजे पॅटन

‘शाळेनं मला काय दिलं’ यावर लिहा, असा स्मरणिकेसाठी निरोप आला. गणितात काठावर पास झालेल्यानं यावर काय लिहावं? मला नववीतला एकच तास धड आठवतो, आणि तोही वेळापत्रकात नसलेला.

ऑगस्ट १९८६. १० तारखेच्या रविवारी आपल्या पुणे कॅम्पात जनरल अरुणकुमार वैद्यांची हत्या झाली. जानेवारीअखेर लष्करप्रमुखपदावरून निवृत्त होऊन ते पुण्यात राहायला आले होते. गाडी स्वतःच चालवत होते, शेजारी पत्नी होत्या, आणि मारेकरी मोटारसायकलवरून आले. १९८४ ला सुवर्णमंदिरात झालेल्या ‘ब्लू स्टार’ या लष्करी कारवाईच्या वेळी ते लष्करप्रमुख होते, त्याचा हा सूड. वर्गात दुसरा विषयच नव्हता. कुणी म्हणे गोळ्यांचा आवाज ऐकला, कुणाच्या काकांनी म्हणे सगळं डोळ्यांनी पाहिलं. (ते काका त्या दिवशी सोलापुरात होते, हे नंतर कळलं.)

त्या आठवड्यात बदली तासाला कवायतीचे सर आले. फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त झालेले. त्यांची शिट्टी वाजली की आम्ही डबा अर्धा टाकून पळायचो. थोडा वेळ आमच्या गप्पा ऐकल्या आणि म्हणाले, “माणूस मेला कसा, हे सगळ्यांना पाठ. केलं काय त्यानं, सांगा.” वर्ग गप्प.

मग त्यांनी टेबलावर खडूचे तुकडे मांडले, घोड्याच्या नालेच्या आकारात. हे आपले शर्मन, दुसऱ्या महायुद्धातले जुने रणगाडे. आणि डस्टर म्हणजे पाकिस्तानचा पॅटन, शर्मनहून नवा आणि जड रणगाडा. साल १९६५, पंजाबात खेमकरणजवळ असल उत्तर. अलिबागला जन्मलेले वैद्य तेव्हा लेफ्टनंट कर्नल, डेक्कन हॉर्स या रेजिमेंटचे कमांडर. समोरासमोर गाठ पडली तर खडूचा भुगा, हे आम्हालाही दिसत होतं. पण सरांनी खडू वह्यांच्या चळतीमागे सरकवले. “हा ऊस. ह्यात आपण दडलोय.” मग पाण्याची बाटली टेबलावर चक्क ओतली. आपल्या लोकांनी शेतांत पाणी सोडलं होतं, जड पॅटन चिखलात रुतले आणि कडेनं, जवळून टिपले गेले. ओल्या डस्टरचा आमच्या देखत लगदा झाला. त्या लढाईत पाकिस्ताननं शंभराच्या आसपास रणगाडे गमावले. वैद्यांना महावीर चक्र मिळालं.

१९७१ सालासाठी सरांनी मुलींच्या डोक्यातल्या पिना मागून घेतल्या. हे शकरगडच्या आघाडीवरचे सुरुंग. वैद्य आता ब्रिगेडिअर, १६ व्या चिलखती ब्रिगेडचे प्रमुख. सुरुंगांतून काढलेल्या अरुंद वाटेनं रणगाडे न्यायचे होते, आणि ब्रिगेडिअर स्वतः पुढे गेले. सरांनी एकच खडू पिनांमधून इतका हळू सरकवला की मागच्या बाकावरची मुलं उभी राहिली. बसंतरची ती लढाई. एकवीस वर्षांचे परमवीर अरुण खेत्रपाल याच ब्रिगेडमधले. वैद्यांना महावीर चक्र दुसऱ्यांदा मिळालं. पुढे १९८३ ला ते लष्करप्रमुख झाले, पण ते सांगायच्या आतच घंटा झाली. पिना परत करताना मोजून घेतल्या, दोन कमी भरल्या.

मी पुढे दोनदा एसएसबीला, म्हणजे फौजेत अधिकारी निवडायच्या मुलाखतीला गेलो आणि दोनदा परत आलो. आता मार्केट यार्डात भुसाराचा गाळा आहे. वैद्यांचं नाव निघालं की समोरचा अजूनही हत्येवरच येतो. मी ऊस आणि चिखल सांगायला लागतो, तोवर गिऱ्हाईक भाव विचारून निघून जातं.

मध्यंतरी मुलीला घेऊन नगरचं रणगाडा संग्रहालय पाहिलं. पॅटनपुढे उभी राहून ती म्हणाली, “बाबा, एवढा मोठा? मग हा हरला कसा?” मी सवयीनं इकडेतिकडे पाहिलं. ना खडू, ना डस्टर. शेवटी तिकिटाच्या पाठीवर उसाचं शेत काढायला घेतलं.