एफसीसीचं जीआरओएल लायसन्स काढलं, माझा अनुभव

मी मूळचा सांगलीचा, इलेक्ट्रॉनिक्सचा डिप्लोमा केलेला, सध्या टेक्सासमधे विमानांचे रेडिओ दुरुस्त करणाऱ्या शॉपमधे आहे. इथे विमानातला किंवा बोटीवरचा ट्रान्समीटर आतून ऍडजस्ट करायचा तर एफसीसीचं, म्हणजे इथल्या रेडिओ वापरावर नियंत्रण ठेवणाऱ्या सरकारी संस्थेचं, जीआरओएल नावाचं लायसन्स लागतं, नाहीतर लायसन्सवाल्याच्या देखरेखीखाली करायचं. दोन वर्षं मी प्रत्येक सेट झाकण लावायच्या आधी सीनियरकडे घेऊन जायचो. त्यांनी कधी कटकट केली नाही पण मलाच ते खटकायचं.

आणि एक, याला सिटिझनशिप लागत नाही, इथे काम करायची कायदेशीर परवानगी असली की झालं. मी उगाच वर्षभर थांबलो.

परीक्षेचे दोन पेपर, त्यांना एलिमेंट म्हणतात. एलिमेंट १ कायद्याचा आणि समुद्रावरच्या पद्धतींचा, २४ प्रश्न, १८ बरोबर हवेत. बोटींचा संकटाच्या हाकेचा चॅनल १६ म्हणजे १५६.८ मेगाहर्ट्झ, मेडे (जीव धोक्यात असतानाची हाक) कधी आणि पॅन-पॅन (त्याहून कमी गंभीर, पण तातडीची) कधी असलं सगळं. ते चार-पाच संध्याकाळीत झालं. खरा घाम काढतो इलेक्ट्रॉनिक्सचा एलिमेंट ३, १०० प्रश्न, ७५ हवेत. ६०० प्रश्नांचा संच उत्तरांसकट मिळतो म्हणून मी सरळ पाठ करत सुटलो, अ की ब एवढंच डोक्यात, आणि परीक्षेत पर्यायांचा क्रम वेगळाच. ७१ आले. गाडीत बराच वेळ नुसता बसून होतो.

त्याच आठवड्यात एका छोट्या विमानाचा रेडिओ आला, पायलट म्हणे आवाज लांब जात नाही. वॉटमीटर लावला तर पुढे ८ वॅट आणि परत येतायत २. ॲन्टेनाकडचा कनेक्टर उघडला तर आत हिरवा गंज. एक चतुर्थांश पॉवर परत म्हणजे एसडब्ल्यूआर (केबल आणि ॲन्टेना एकमेकांशी किती जुळतात त्याचं माप, १ ला १ सगळ्यात चांगलं) ३ ला १, हा प्रश्न मी पन्नासदा घोकलेला आणि तो असा समोर काट्यावर दिसत होता! मग रोज कामावरून आल्यावर एकेक विषय कागदावर गणित मांडून केला, दोन महिने.

एलिमेंट १ पास झाल्याचं प्रमाणपत्र ३६५ दिवस चालतं त्यामुळे फक्त ३ परत दिला. ८८. लायसन्स आयुष्यभराचं आहे, रिन्यू करायला लागत नाही. सोमवारी पहिला सेट मी स्वतः बंद केला, सीनियर नुसते लांबून बघत होते. आता रडारचा एलिमेंट ८ द्यायचाय, ५० पैकी ३८ हवेत, पुस्तक आणलंय.