निर्वाह भत्ता ही कृपा नव्हे

आमच्या शिक्षक संघटनेत निलंबित सहकाऱ्यांची प्रकरणे पाहण्याचे काम माझ्याकडे आहे. निलंबनाचा आदेश हाती पडला की बहुतेक जण आरोप कसे खोटे आहेत ते सांगू लागतात. मी मात्र आधी निर्वाह भत्ता, म्हणजे निलंबनकाळात वेतनाऐवजी मिळणारी रक्कम, सुरू झाला का, हे विचारतो, कारण चौकशी शेवटपर्यंत लढवायची की मध्येच हात टेकायचे, हे पुष्कळदा त्यावरच ठरते.

निलंबन ही शिक्षा नाही. सेवा चालूच असते, केवळ काम करू दिले जात नाही. म्हणूनच महाराष्ट्र नागरी सेवा नियमांत, अर्थात 1981 च्या निलंबनकाळातील प्रदानांविषयीच्या नियमांत, अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतका निर्वाह भत्ता आणि त्यावर महागाई भत्ता देण्याची तरतूद आहे. पहिल्या तीन महिन्यांनंतर, विलंबाला कर्मचारी जबाबदार नसेल तर, ही रक्कम तिच्या जास्तीत जास्त निम्म्याने वाढवता येते. तो जबाबदार असेल तर तितकीच घटवताही येते. विद्यापीठांत आणि अनुदानित महाविद्यालयांतही साधारणपणे हीच चौकट समोर ठेवली जाते. माझ्या अनुभवात ही वाढ कोणी आपणहून देत नाही; लेखी अर्ज करून पाठपुरावा करावा लागतो.

सर्वांत जास्त अडवणूक होते ती एका साध्या कागदावर. 'मी अन्यत्र कोणतीही नोकरी वा व्यवसाय करीत नाही' असे प्रमाणपत्र कर्मचाऱ्याने द्यायचे असते. एका प्राध्यापकांचे असे प्रमाणपत्र कार्यालयाने आधी नमुना चुकीचा म्हणून आणि नंतर मुख्यालयाचा, म्हणजे निलंबनकाळात राहण्यासाठी ठरवून दिलेल्या ठिकाणाचा, उल्लेख नाही म्हणून परत केले, आणि तोवर चौकशीच्या तारखा मात्र नेमाने लागत राहिल्या. घरचे हप्ते थकलेले असताना त्या माणसाने साक्षीदारांची उलटतपासणी कशी घ्यावी, याचा विचार कोणीच केला नव्हता, आणि मला हे आजही अन्यायाचे वाटते.

या बाबतीत सर्वोच्च न्यायालयाची भूमिका स्पष्ट आहे. 1973 च्या घनश्यामदास श्रीवास्तव प्रकरणात रीवा येथे राहणाऱ्या वनक्षेत्रपालाची चौकशी सुमारे 500 किलोमीटरवरच्या जगदलपूरला होती. भत्ता न मिळाल्याने तो तेथे जाऊ शकला नाही, आणि न्यायालयाने बडतर्फी रद्द केली. 1983 मध्ये तर महाराष्ट्राचाच एक नियम न्यायालयाने रद्दबातल ठरवला: फौजदारी खटल्यात दोषी ठरल्यानंतर अपील प्रलंबित असताना कर्मचाऱ्याला महिन्याला 1 रुपया भत्ता देण्याचा. एका रुपयात महिना काढण्याची अपेक्षा नियमाच्या पुस्तकात छापली गेली होती, हे लक्षात ठेवण्यासारखे आहे. पुढे 2000 मध्ये जगदंबाप्रसाद शुक्ल प्रकरणात न्यायालयाने म्हटले की हा भत्ता म्हणजे बक्षिसी नव्हे, तो हक्क आहे. आणि कर्मचाऱ्याकडे प्रमाणपत्र मागितलेच गेले नसेल, तर ते दिले नाही ही सबब चालत नाही.

निलंबनाच्या मुदतीबद्दल 2015 चा अजयकुमार चौधरी निर्णय दाखवता येतो. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन पुढे चालू नये, असे त्यात म्हटले आहे. ही प्रकरणे विद्यापीठांची नाहीत, पण चौकशी अधिकाऱ्यासमोर ती मांडता येतात आणि मांडावीतच. भत्ता मिळालेला नसल्याची हरकत पहिल्याच तारखेला लेखी द्यावी आणि तिची पोच घ्यावी. नंतर तोंडी सांगितलेले कार्यवृत्तात येत नाही.

बडतर्फी झालीच, तर महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियम, 2016 नुसार विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणाकडे अपील करायला 30 दिवस असतात. थकीत वेतनासाठी 2013 चा दीपाली सुरवसे निर्णय मोलाचा आहे. औरंगाबादच्या या शिक्षिकेला शाळा न्यायाधिकरणाने दिलेले पूर्ण वेतन उच्च न्यायालयाने काढून घेतले होते, ते सर्वोच्च न्यायालयाने परत दिले. आपण अन्यत्र कमावत नव्हतो असे कर्मचाऱ्याने सांगितले की ते खोडून काढण्याची जबाबदारी व्यवस्थापनावर येते. हे विधान अपिलाच्या पहिल्याच मसुद्यात असले पाहिजे.

पुनःस्थापना झाली तरी आदेश नीट वाचावा. निलंबनाचा काळ कर्तव्यकाळ धरायचा की नाही आणि त्या काळाचे वेतन किती, हे सक्षम प्राधिकाऱ्याने स्पष्टपणे लिहावे लागते. तेवढ्याबद्दल आदेश गप्प असेल तर रुजू होताना त्याच दिवशी लेखी मागणी द्यावी, कारण वेतनवाढी, पदोन्नती आणि पुढे निवृत्तिवेतनही त्या एका ओळीवर अडून राहते.