किल्ली खिशात, ट्रक जागेवर

मे महिन्यात भर दुपारी सोलापुरात घराबाहेर पाऊल टाकवत नाही. मग माणूस घरबसल्या नको ते विकत घेतो. मी युरो ट्रक सिम्युलेटर २ घेतला. प्रागच्या कंपनीचा, युरोपभर ट्रक चालवायचा, २०१२ सालचा गेम. यूपीआयने पैसे गेले आणि मेलवर अॅक्टिव्हेशन की, म्हणजे गेम उघडायची अक्षरी किल्ली, आली. पाच-पाच अक्षरांचे तीन गट. भाचा मागे उभा राहून वाचत होता, "डी, मामा. दिल्लीचा डी." मी म्हटलं, "हळू वाच बे." ती ज्या गेमिंग खात्यात टाकली त्यालाच चिकटते, मग कुणाला देता येत नाही. कुणाच्या खात्यात टाकायची यावर थोडी वादावादी झाली. मामा असूनही मी माघार घेतली नाही.

आमच्या गल्लीच्या तोंडाशी ट्रान्सपोर्टचं गोदाम होतं. हमाल चादरींच्या गाठी चढवत असायचे तेवढ्या वेळात ड्रायव्हर आम्हा पोरांना केबिनमध्ये बसू द्यायचा. त्याआधी किल्ली काढून शर्टाच्या खिशात. आत डिझेलचा आणि उदबत्तीचा वास. गियरच्या दांड्याला काचेसारखा गोळा, त्यात लाल गुलाब. तो गोळा कुणी धरायचा यावरून मारामाऱ्या. हरलेला क्लीनर व्हायचा, दारातून अर्धा बाहेर लोंबकळत पत्र्यावर थाप मारून "आन् दो, आन् दो" ओरडायचा. नळदुर्ग, उमरगा, हुमनाबाद, जहिराबाद करत आम्ही हैदराबादला पोचायचो, तेही ट्रक तसूभर न हलता. इंजिन अर्थात तोंडाने.

ती सवय गेलेली नाही. गेममध्ये इंजिनाचा आवाज उत्तम आहे, तरी चढ लागला की माझ्या तोंडून घुर्रर निघतंच. बायको दारात येऊन बघून जाते. काही बोलत नाही, हे जास्त लागतं.

नकाशा १:१९ प्रमाणात आहे, त्यामुळे देश भराभर संपतात. सिग्नल तोडला की दंड कापला जातो. फार वेळ चालवलं की आपला ड्रायव्हर जांभया देतो, पडदा मधूनच काळा होतो. निमूट विश्रांतीच्या जागी गाडी लावून झोपायचं. भाच्याला हे कंटाळवाणं वाटतं. "सेटिंगमध्ये जाऊन झोप बंद करता येते, मामा."

येते खरी. गोदामावरच्या ड्रायव्हरांचीही कुणीतरी तशीच बंद केली होती. दिवसभर मुंबईहून गाडी हाणत आलेला माणूस गाठी भरून झाल्या की डोळ्यांवर पाणी मारायचा, तंबाखूचा बार भरायचा आणि रातोरात हैदराबादला निघायचा. दिवसाला आठ तासांच्या वर काम नको, असा मोटार वाहतूक कामगारांचा कायदा १९६१ सालीच झालेला होता. गोदामाचे मालक मात्र बिल्टी, म्हणजे मालाची पावती, हातात देताना एवढंच म्हणायचे, सकाळी माल उतरला पाहिजे.