बिब्लॉसचा टोपीवाला देव : तिसऱ्या ओतापर्यंतची नोंद

ही एका छोट्या कांस्यमूर्तीच्या ओतकामाची नोंद : आधी मेणाची मूर्ती, तिच्यावर मातीचा साचा, मग मेण जाळून त्या पोकळीत वितळलेल्या धातूचा रस. नमुना लेबनॉनमधल्या बिब्लॉस या प्राचीन बंदराच्या ओबेलिस्क (उभे दगडी स्तंभ) मंदिरातल्या शेकडो कांस्यमूर्तींच्या धर्तीचा आहे. उंच शंकूसारखी टोपी, डावा पाय पुढे, उजवा हात उगारलेला. फ्रेंच पुरातत्त्वज्ञ मोरिस दुनाँ यांच्या उत्खननात सापडलेल्या या मूर्ती आता बैरूतच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहेत. त्यांना सरसकट फिनिशियन म्हणतात, पण इ.स.पू. दुसऱ्या सहस्रकाच्या पूर्वार्धातल्या या मूर्ती खरं तर फिनिशियनांच्या कनानी पूर्वजांच्या.

उंची ११ सेंमी. मेण ४ भाग, राळ १ भाग. मूर्तीचं मेण १५ ग्रॅम आणि वाहिन्यांचं (रस आत जायच्या वाटांचं) १२. मेणाच्या दहापट धातू धरला, वर ३० ग्रॅम जादा. म्हणजे ३०० ग्रॅम : तांबं २७०, कथील ३०. काशाची जुनी वाटी वितळवायचा मोह टाळा. त्यात कथील २२ टक्क्यांच्या आसपास असतं आणि बारीक हात ठिसूळ होऊन मोडतो. कथील मुशीत सगळ्यात शेवटी टाकायचं, नाहीतर बरंच जळून जातं.

पहिला ओत : डावी मूठ भरलीच नाही. साचा पाय वर करून ओततात, त्यामुळे कोपरात वाकवलेला डावा हात खांद्याच्या वर येतो आणि मुठीत हवा कोंडते. मुठीपासून २ मिमीची हवावाट काढल्यावर प्रश्न मिटला. उगारलेल्या हाताला तिची गरज नाही, तो उलट्या साच्यात खाली झुकतो.

दुसरा ओत : पाठीवर सुईच्या टोकाएवढी भोकं. मेण पुरतं जळलं नव्हतं. साच्याचं तोंड आतून काळं दिसतंय तोवर ओतू नये. ७०० अंशांवर दोन तास ठेवा, मग साचा गरम असतानाच ११२० ते ११५० अंशांचा रस ओता.

तिसरा ओत : घोट्यात पोकळी. ४ मिमीची वाहिनी ५ मिमीच्या घोट्याआधी गोठली आणि घोट्याला रस मिळेना. आता वाहिनी ७ मिमी.

तळपायाखालच्या या वाहिन्या कापून गुळगुळीत करू नका. मूळ मूर्तींनाही तिथे खुंट्या आहेत, त्यावरच मूर्ती बैठकीत रोवत. ही हाताळायची बाहुली नव्हे, देवापुढे उभी करून सोडलेलं दान आहे. मंदिरात अशी दानं मडक्यांत घालून पुरलेलीही सापडली. कित्येकांवर सोन्याचा पत्रा होता. आपला मिठाईचा वर्ख इथे चालत नाही, खाचेत दाबताच फाटतो.

उगारलेल्या मुठीत काय द्यायचं? ही ढब शत्रूवर गदा उगारणाऱ्या इजिप्शियन फॅरोची. लेव्हंटमध्ये, म्हणजे भूमध्य समुद्राच्या पूर्व किनाऱ्यावर, ती बाल आणि रेशेफ या देवांकडे गेली : एक वादळाचा देव, दुसरा रोगराईचा आणि तिच्यापासून राखणाराही. हातात वज्र दिलं की बाल ठरून जातो, आणि शिलालेख नसलेल्या मूर्तीबाबत तेवढं धाडस नको. म्हणून मुठीला २ मिमीचं भोक ओतल्यानंतर पाडायचं (साच्यातली मातीची काडी रसाबरोबर वाहून जाते) आणि हत्यार न घालता मोकळं ठेवायचं.

चौथ्या ओताचं मेण सावलीत आहे, मातीचा दुसरा थर वाळतोय.