हिप-हॉपची पुस्तकं : चँग संपला, चार्नस चालू, आणि श्रेयाची भांडणं

मागच्या वेळी लिहिलं तेव्हा जेफ चँगच्या 'कान्ट स्टॉप वोन्ट स्टॉप' या हिप-हॉपच्या इतिहासात अर्ध्यावर होते. तर मंडळी, संपलं एकदाचं. २००५ चं पुस्तक, चांगलं जाडजूड, आणि आधीच सांगून ठेवते, सुरुवातीला कितीतरी पानं गाण्याचा पत्ताच नाही. न्यूयॉर्कचे रस्ते-पूल बांधणाऱ्या रॉबर्ट मोझेस या अधिकाऱ्याने शहराच्या ब्राँक्स भागाच्या पोटातून आरपार काढलेला एक्सप्रेसवे, त्यासाठी उठवलेली हजारो कुटुंबं, मग इन्शुरन्सच्या पैशांसाठी आपल्याच बिल्डिंगी पेटवायला लावणारे मालक, मग गँग्स. बरेच जण इथे कंटाळून पुढची पानं उलटतात, तसं करू नका. डिसेंबर १९७१ मध्ये घेट्टो ब्रदर्स गँगचा ब्लॅक बेंजी म्हणून एक जण भांडण मिटवायला गेला आणि स्वतःच मारला गेला, सगळ्यांना वाटलं आता रक्ताचे पाट वाहणार, तर यांनी बदला घ्यायचा सोडून ब्राँक्समधल्या हो अ‍ॅव्हेन्यूवरच्या बॉइज क्लबात बाकीच्या गँग्सना बोलावलं आणि तह केला. तह काही फार आदर्श वगैरे नव्हता, पण त्यानंतर एका एरियातलं पोरगं दुसऱ्या एरियातल्या पार्टीला जायची हिंमत करायला लागलं. चँगचं म्हणणं थोडक्यात हे की ही वाट मोकळी झाली नसती तर पुढच्या पार्ट्यांना आलं कोण असतं? (ब्लॅक पँथर या अमेरिकेतल्या काळ्यांच्या लढाऊ संघटनेचा उल्लेख या भागात सारखा येतो, आणि १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथरने नाव तिथूनच घेतलं हे माहीत असलं की ती पानं अजिबात परकी वाटत नाहीत.)

मग येते ती पार्टी. ११ ऑगस्ट १९७३, १५२० सेजविक अ‍ॅव्हेन्यू, बिल्डिंगचा कॉमन हॉल, डीजे कूल हर्क. एवढं आपल्या सगळ्यांना पाठ आहे. पण पार्टी ठेवली कुणी होती? हर्कच्या बहिणीने, सिंडी कॅम्पबेलने. शाळा सुरू व्हायच्या आत तिला नवे कपडे घ्यायचे होते, त्यासाठी पैसे हवे होते, म्हणून हॉल तिने घेतला, हाताने लिहिलेली आमंत्रणं वाटली, पोरींना २५ सेंट आणि पोरांना ५० सेंट तिकीट लावलं आणि भावाला गाणी लावायला बसवलं. म्हंजे आयोजक ती, हिशोब तिचा, आणि 'हिप-हॉपचा बाप' तो. चँगने तिला नीट जागा दिलीय, त्याबद्दल त्याला मार्क. पण त्या पानापासून माझ्या वहीत मागच्या बाजूने एक वेगळीच यादी सुरू झालीय, काम कुणाचं आणि नाव कुणाचं, आणि आता जे पुस्तक उघडावं त्यातून तिच्यात भर पडतेय. मला तर वाटायला लागलंय की हिप-हॉपचा इतिहास म्हणून जे लिहिलं गेलंय त्यातला अर्धा श्रेयाच्या भांडणांचाच आहे, आणि ते साहजिक आहे, कारण जी कला दुसऱ्याच्या रेकॉर्डमधला तुकडा उचलून सुरू झाली तिथे हा प्रश्न पहिल्या दिवसापासून येणारच.

चँगच्या जोडीला 'येस येस यॉल' वाचत होते, जिम फ्रिक आणि चार्ली अहर्नचं, २००२ चं. ही जातच वेगळी. लेखक जवळपास गप्प, त्या पहिल्या दहा वर्षांतले डीजे, एमसी (माइकवर रॅप करणारे), बी-बॉय (ब्रेकवर नाचणारे) स्वतः बोलतात, मधेमधे जुनी पत्रकं आणि फोटो. चँग एखादी गोष्ट सांगून पुढे जातो, इथे तीच गोष्ट तिघं जण आपापल्या सोयीने सांगतात आणि तुम्ही बसा ताळा करत. माझी पद्धत आता अशी झालीय की प्रसंग आधी चँगमध्ये वाचायचा, मग यात शोधायचा, आणि ज्या रेकॉर्डचा उल्लेख आला ती लगेच हेडफोनला लावायची, त्यामुळे स्पीड फार कमी पडतो पण डोक्यात पक्कं बसतं. उदाहरणार्थ हर्कचं 'मेरी-गो-राउंड'. नाचणारे लोक गाण्यातल्या त्या छोट्याशा ढोलांच्या तुकड्याची, ब्रेकची, वाट बघत थांबतात हे त्याने हेरलं आणि दोन रेकॉर्डवरून ब्रेकच ब्रेक वाजवायला सुरुवात केली. पण तो सुई अंदाजाने टाकायचा, ताल हमखास तुटायचा. तो न तोडता जोडायचं तंत्र ग्रँडमास्टर फ्लॅश या दुसऱ्या डीजेने बसवलं, रेकॉर्डवर खडूने खुणा करून, हेडफोनमध्ये आधी ऐकून, घड्याळाच्या काट्यासारखी तबकडी बरोब्बर उलट फिरवून. आणि स्क्रॅच, म्हणजे सुईखाली रेकॉर्ड पुढेमागे घासून काढलेला आवाज? तो ग्रँड विझर्ड थिओडोरचा, फ्लॅशच्या पार्टनरचा धाकटा भाऊ, तेव्हा अगदी कोवळं पोरगं. पण जगाने तो ऐकला १९८१ मध्ये फ्लॅशच्या रेकॉर्डवर. यादीत गेलं.

१९७७ च्या जुलैमधला तो ब्लॅकआउटही आहेच. जवळजवळ अख्ख्या न्यूयॉर्कची वीज गेली, दुकानं लुटली गेली आणि त्यानंतर एकदम कितीतरी नवे डीजे क्रू दिसायला लागले अशी कथा. ग्रँडमास्टर कॅझ या डीजे-रॅपरने तर उघड सांगितलंय की एक मिक्सर त्यानेही उचलला होता. किस्सा झकास आहे पण मला तो जरा जास्तच गुळगुळीत वाटतो, क्रू त्याआधीही होतेच की.

कॅझ बिचारा पुढच्या पुस्तकातही भेटतो. सध्या चालू आहे ते डॅन चार्नसचं 'द बिग पेबॅक', २०१०, सहाशेच्या वर पानं आणि विषय सगळा धंदा. लेबलं, रेडिओ, करार, बूट, सरबतं. मी हे बाजूला ठेवलं होतं, म्हटलं कंपन्यांचा इतिहास कोण वाचणार, तर आतापर्यंतचं सगळ्यात पकड घेणारं हेच निघालं. 'रॅपर्स डिलाइट'चं प्रकरण बघा. १९७९. शुगर हिल या लेबलची सिल्व्हिया रॉबिन्सन रॅप करणारी पोरं शोधत फिरतेय, न्यू जर्सीत पिझ्झाच्या दुकानात काम करणारा हँक सापडतो, दुकानाबाहेर गाडीत बसून ऑडिशन होते. हँक काही लिहिणारा नाही, तो कॅझच्या जवळचा, त्याने कॅझच्या वहीतल्या ओळी घेतल्या आणि इतक्या जशाच्या तशा म्हटल्या की कॅझने आपल्या टोपणनावाचं, कॅसानोव्हाचं, जे स्पेलिंग यमकात बसवलं होतं तेही हँक स्वतःचं म्हणून रेकॉर्डवर म्हणून गेला! आणि आता गंमत ऐका. त्याच गाण्याखाली शीक या डिस्को बँडच्या 'गुड टाइम्स'ची बेसलाइन आहे (सँपल, म्हणजे मूळ रेकॉर्डमधून उचललेला तुकडा नव्हे, वादकांनी बसून वाजवलेली), त्यावर शीकच्या नाइल रॉजर्स आणि बर्नार्ड एडवर्ड्सने कोर्टाची धमकी दिली आणि त्यांची नावं लागली. बेसलाइनवाल्यांकडे वकील होते. शब्दवाल्याकडे वही होती, ती पण दुसऱ्याला दिलेली.

'द मेसेज' तर अजून भारी. १९८२, ग्रँडमास्टर फ्लॅश अँड द फ्युरियस फाइव्ह असं लेबलवर छापलंय, आणि गाण्यात फ्लॅशचा हातच नाही, फाइव्हपैकी एकटा मेली मेल, बाकी मुख्य लिहिणारा ड्यूक बूटी म्हणून शुगर हिलचाच एक वादक. ज्या गाण्याने रॅपला 'सामाजिक आशय' वगैरे मिळाला म्हणतात ते गाणं बाकीच्या ग्रुपला नकोच होतं, त्यांना पार्टीची गाणी हवी होती. हे कळल्यावर गाणं मला कमी नाही आवडलं, उलट जास्त आवडलं.

चार्नसमध्ये अजून रेडिओच्या भागात आहे. त्याच्या मधेच जोसेफ श्लॉसचं 'मेकिंग बीट्स' (२००४) उरकलं, छोटंसं आहे पण ज्यांना बीट बनवण्यात रस आहे त्यांनी बाकी सगळं ठेवून आधी हे वाचा. सँपल घेणाऱ्यांचे आपसातले नियम काय, हा विषय. बाहेरच्याला वाटतं चोरांना कसले नियम, तर एवढे कडक नियम आहेत की विचारू नका. दुसऱ्याने वापरलेला तुकडा तसाच घ्यायचा नाही, हिप-हॉप रेकॉर्डवरून सँपल घ्यायचं नाही, 'निवडक ब्रेक्स' छापाच्या कंपाइलेशनवरून घेतलंत तर हसतील, मूळ रेकॉर्ड धुळीत बसून शोधायची. अर्थात हे मोडणारेही आहेत आणि त्यांची कारणंही तो ऐकून घेतो. श्लॉसचा अजून एक मुद्दा मला फार पटला, गरिबी होती, वाद्यं परवडत नव्हती म्हणून पोरं रेकॉर्डकडे वळली हे जे नेहमीचं पालुपद आहे ते तो खोडून काढतो. त्याला भेटलेल्या प्रोड्युसरांना तो आवाजच आवडतो, सरळ आहे. ट्रिशिया रोजच्या 'ब्लॅक नॉइज'मध्ये (१९९४) हेच दुसऱ्या बाजूने येतं, पब्लिक एनिमीचे प्रोड्युसर बॉम्ब स्क्वाडवाले आवाजाच्या मीटरचा काटा मुद्दाम लालमध्ये, म्हणजे मर्यादेच्या वर, घालून रेकॉर्ड करायचे ते सगळं. रोजची भाषा मात्र प्राध्यापकी, एका बसण्यात जास्त झेपत नाही. तरी कॉन्सर्टना हॉल आणि इन्शुरन्स मिळू नये म्हणून काय काय चालायचं ते तिने लिहिलंय, तेवढा भाग चुकवू नका.

आणि सँपलचं घरचं प्रकरण. हे या पुस्तकांतून नाही, मीच यादीत घातलंय. २००२ मध्ये ट्रूथ हर्ट्स या गायिकेचं 'अ‍ॅडिक्टिव्ह' आलं होतं, डीजे क्विकने केलेलं, डॉ. ड्रेच्या लेबलवर, आणि त्यात सबंध गाणंभर लतादीदी. 'थोडा रेशम लगता है', १९८१ च्या 'ज्योती'तलं, संगीत बप्पी लाहिरी. तोवर आपल्याकडेही ते गाणं किती जणांना आठवत होतं शंकाच आहे. बप्पीदांचं नाव कुठेच नाही दिलं. बप्पीदा कोर्टात गेले आणि २००३ च्या सुरुवातीला लॉस एंजेलिसच्या कोर्टाने सांगितलं की त्यांचं नाव लावल्याशिवाय सीडी विकायची नाही. खरं तर १९९१ मध्येच बिझ मार्की या रॅपरच्या सँपलच्या केसमध्ये जज्जने निकालाची सुरुवातच बायबलमधल्या 'चोरी करू नकोस'ने केली होती आणि तेव्हापासून मोठ्या कंपन्या सँपल क्लिअर केल्याशिवाय पुढे जायला घाबरायला लागल्या होत्या. तरी हे झालं. अमेरिकन रेकॉर्डवरचा चार सेकंदांचा तुकडा असता तर वकिलांनी आधी दहा फोन केले असते, मुंबईचं गाणं म्हणजे बेवारस असा हिशोब दिसतो. हे माझं मत.

एक सावधगिरी. चँगच्या पुस्तकात आफ्रिका बंबाटा या सुरुवातीच्या डीजेला मोठी जागा आहे, गँगचा म्होरक्या ते झुलू नेशन या हिप-हॉप संघटनेचा संस्थापक असा सगळा प्रवास. पुस्तक २००५ चं. २०१६ मध्ये त्याच्यावर लहान मुलांच्या लैंगिक शोषणाचे आरोप झाले, एकापेक्षा जास्त जणांनी केले, त्याने नाकारले. जुनी पुस्तकं वाचताना हे माहीत असलेलं बरं, त्या प्रकरणांतला भक्तीचा सूर आता कानाला टोचतो. त्याचं 'प्लॅनेट रॉक' ऐकताना मी तर सरळ ८०८ या ड्रम मशीनकडे आणि क्राफ्टवर्क या जर्मन बँडच्या सुरावटीकडेच लक्ष देते.

बायकांच्या बाबतीत चँग कमीच पडतो. म्हणून क्लोव्हर होपचं 'द मदरलोड' (२०२१) घेतलंय, शंभराच्या वर बायका, प्रत्येकीवर छोटा लेख, छान चित्रं. एका दमात वाचायचं पुस्तक नाही, लोकलमध्ये दोन दोन पानं चालूयत. फंकी फोर प्लस वनची शा-रॉक, १९८१ च्या व्हॅलेंटाइन डेला 'सॅटरडे नाइट लाइव्ह'वर जो पहिला रॅप ग्रुप गेला त्यातली ती 'प्लस वन'. ग्रुपच्या नावातसुद्धा वरची एक! रॉक्सॅन शांटे चौदा वर्षांची असताना प्रोड्युसर मार्ली मार्लच्या क्वीन्सब्रिजमधल्या घरात एका टेकमध्ये 'रॉक्सॅन्स रिव्हेंज' बोलून गेली. लेख इतके छोटे आहेत की भूक भागत नाही ही एकच तक्रार.

चार्नसचंच 'डिला टाइम' (२०२२) पण चाळायला घेतलं, म्हटलं सुरुवात बघू आणि ठेवू, तर आता दोन्ही समांतर चाललंय. डेट्रॉइटचा जे डिला, एमपीसी ३००० नावाच्या मशीनवर बीट करणारा, २००६ मध्ये ३२ व्या वाढदिवसाला 'डोनट्स' आला आणि तीन दिवसांनी गेला. सगळे म्हणतात तो क्वांटाइझ (ठोके आपोआप लयीत बसवायची मशीनची सोय) बंद करून हाताने वाजवायचा म्हणून बीट तशी लडखडते. चार्नस म्हणतो एवढं सोपं नाही, मशीनच्या आतच टायमिंग पुढेमागे सरकवायची सोय असते, ती वापरून तो एक आवाज सरळ लयीत, दुसरा झुलता, तिसरा किंचित आधी असं एकावर एक ठेवायचा. जुना तबलजी केरव्याला जसा झोल देतो, लिहून दाखवायला गेलं तर सापडत नाही आणि मान मात्र हलते, तसं काहीसं, फक्त इथे मशीन आणि ठरवून. पुस्तकात यासाठी रेषांच्या आकृत्या आहेत, त्या बघत हाताने टेबलावर ठेका धरायचा प्रयत्न केला तर घरच्यांनी हाकललं.

पुढे काय: चार्नसमधला रन-डीएमसी हा रॅप ग्रुप आणि आदिदासचा भाग आला की तो संपवून मग अमेरिकेच्या दक्षिणेतल्या हिप-हॉपवरचं रॉनी सारिगचं 'थर्ड कोस्ट' (२००७), कारण आत्तापर्यंतचं सगळं न्यूयॉर्क न्यूयॉर्क झालंय आणि ह्यूस्टन, मेम्फिस, अटलांटाबद्दल माझी पाटी कोरी आहे. 'सबवे आर्ट' छापील मिळालं तर हवंय, मार्था कूपर आणि हेन्री चालफंटचं, सबवेच्या गाड्यांवरच्या ग्राफिटीचं, फोटोंचं पुस्तक स्क्रीनवर बघण्यात अर्थ नाही. मुंबई-ठाण्यात कुणाकडे असेल तर आठवडाभर उसनं द्या, कव्हर घालून वाचीन. आणि दक्षिणेवर सारिगच्या आधी दुसरं काही वाचायला हवं असेल तर आत्ताच सांगा, मागवलेलं नाहीये अजून.